ज्या शोकाला सुतक नाहीं

घरांत मृत्यु झाला म्हणजे काय करावयाचें, हें कोणाला शिकवावें लागत नाहीं. चूल पेटत नाहीं. शेजारच्या घरांतून पिठलें-भात येतो. दूरचे आप्त दुखवट्यासाठीं येतात. कांहीं बोलतात, कांहीं नुसतेच बसून राहतात. दहा दिवस सुतक पाळलें जातें, तेराव्या दिवशीं गोडाचें जेवण होतें, आणि घरांतील माणसें हळूहळू आपापल्या कामाला लागतात. या विधींवर कोणाची श्रद्धा असो वा नसो, त्यांत एक शहाणपण सांठविलेलें आहे. शोक करणाऱ्याला त्यांतून तीन गोष्टी मिळतात. त्याचें दुःख खरें आहे, अशी चारचौघांची मान्यता मिळते. तें सोसतांना सोबत मिळते. आणि दुःखालाही कोठें तरी मर्यादा आहे, हें न बोलतां त्याच्या कानावर घातलें जातें.

परंतु एक दुःख असें आहे कीं, त्याला सुतक नाहीं. दोन माणसांनीं एकमेकांवर प्रेम केलें, पुढील आयुष्याचे बेत केले, आणि मग तें नातें तुटलें. कधीं एकाचें मन फिरलें. कधीं घरच्यांनीं जात, पैसा किंवा पत्रिका पुढें करून मोडता घातला. कधीं दोघांनाच उमगलें कीं आपलें जमणार नाहीं. दुरावलेलें माणूस जिवंत असतें. कदाचित् त्याच शहरांत, त्याच रस्त्यावर असतें. अशा वेळीं भेटीला कोणी येत नाहीं आणि शेजारून पिठलें-भातही येत नाहीं. दुसऱ्या दिवशीं नेहमींच्या वेळीं कचेरींत किंवा कॉलेजांत हजर व्हावेंच लागतें. प्रेम घरच्यांपासून लपविलेलें असेल, तर त्याचा शोकही लपवावा लागतो. डोळे सुजलेले दिसले तर 'रात्रीं झोप लागली नाहीं' एवढेंच सांगून वेळ मारून न्यावी लागते.

हें दुःख क्षुल्लक समजण्याची चाल जुनी आहे. 'वयच वेडें असतें', 'चार दिवसांत विसरेल', असें म्हणून वडीलधारीं माणसें मोकळीं होतात. पण माणसाचा मेंदू मात्र तें क्षुल्लक मानीत नाहीं. अमेरिकेंतील संशोधिका हेलन फिशर आणि त्यांचे सहकारी यांनीं, प्रेमांत नुकताच नकार मिळालेल्या १५ स्त्री-पुरुषांच्या मेंदूंचें यंत्रानें चित्रण केलें व त्याचे निष्कर्ष २०१० सालीं प्रसिद्ध केले. दुरावलेल्या व्यक्तीचें छायाचित्र पाहतांना त्यांच्या मेंदूंतील जे भाग जागृत झाले, त्यांत व्यसनी माणसाच्या तलफेशीं संबंध असलेले भागही होते. मन वारंवार त्याच माणसाकडे ओढ घेतें, अन्न गोड लागत नाहीं, झोप उडते, हें कांहीं मनाचें लाडावलेपण नव्हे. एका संवयीचा आधार एकाएकीं काढून घेतला गेल्यामुळें होणारी ती तगमग आहे.

मग ज्या शोकाला समाजानें विधि दिला नाहीं, तो सोसावा तरी कसा? या प्रश्नाचें उत्तर शोधण्यास फार दूर जावें लागत नाहीं. पुण्याच्या नैर्ऋत्येस भोर आणि वेल्हे हे डोंगराळ तालुके आहेत. त्यांपैकीं वेल्ह्याला राजगड हें नांव देण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळानें मार्च २०२४ मध्यें घेतला. त्याच राजगडावर ५ सप्टेंबर १६५९ रोजीं शिवाजीमहाराजांच्या पत्नी सईबाई निवर्तल्या. पद्मावती माचीवर त्यांची समाधि दाखवितात. बाळ संभाजीराजे तेव्हां पुरते अडीच वर्षांचेही नव्हते. आईच्या आजारपणांत त्यांना दूध पाजण्यासाठीं भोर तालुक्यांतील कापूरहोळची धाराऊ आली, ही हकीकत त्या मुलखांत अजून आदरानें सांगतात. मृत्यूच्या दुःखाला असा समाधीचा दगड मिळतो आणि कोणा धाराऊचा आधार मिळतो. परंतु त्याच डोंगरांच्या कुशींतील घराघरांत शोकाचा आणखी एक दगड होता. तो म्हणजे जातें. ज्या दुःखाला समाधि नाहीं आणि सुतकही नाहीं, तें दुःख मावळांतील बायका पिढ्यान् पिढ्या जात्यापाशीं बोलत आल्या.

जात्यावरच्या ओव्या मोठ्या प्रमाणावर जमविण्याचें काम, पुण्यांत येऊन राहिलेले फ्रेंच अभ्यासक गी पॉइत्वां आणि त्यांच्या सहकारी हेमा राईरकर यांनीं केलें. महाराष्ट्रांतील हजाराहून अधिक गांवांतून लाखाहून अधिक ओव्या त्यांतून गोळा झाल्या, आणि २०१७ पासून त्या 'पारी' या संकेतस्थळावर क्रमाक्रमानें प्रसिद्ध झाल्या. पुणे जिल्ह्याच्या पश्चिमेकडील डोंगरपट्ट्यांतील बायांचा वांटा त्यांत मोठा आहे. या ओव्यांत माहेर आहे, भाऊ आहे, विठ्ठल आहे. पण नवऱ्याचें मन उडालें, घरांत सवत आली, आपण असूनही नसल्यासारख्या झालों, हेंही त्यांत आहे. आणि सर्वांत करुण असा भाग सीतेचा आहे. रामानें टाकलेली, गर्भार असतां वनांत पाठविलेली सीता या बायांनीं इतक्या जिव्हाळ्यानें गायिली आहे कीं, ती अयोध्येची राणी न राहतां शेजारच्या वाडीची सासुरवाशीण होते.

कोणी म्हणेल, तें दुःख विवाहितेचें. आजच्या तरुण-तरुणींच्या प्रेमभंगाशीं त्याचा काय संबंध? संबंध आहे. ज्याच्यावर जीव लावला त्यानें पाठ फिरविली, हा घाव दोन्हींकडे एकच आहे. शिवाय त्या बायांनाही आपलें दुःख उघडपणें बोलण्याची मुभा नव्हतीच. नवऱ्याविरुद्ध सासरीं तक्रार करतां येत नव्हती, आणि माहेरीं सांगावें तर भावाला घोर लागेल ही भीति होती. समाजानें वाट दिली नाहीं, तेव्हां त्यांनीं आपली वाट आपण काढली. ती कशी काढली, हें जात्यापाशीं क्षणभर थांबून पाहण्याजोगें आहे.

पहांटेचा काळोख असतो. दोघी जणी जात्याच्या दोन अंगांना समोरासमोर बसतात आणि एकच खुंटा दोघींच्या हातांत असतो. एक मूठभर दाणे वैरते, आणि दगड फिरूं लागतो. नाचणी असो वा तांदूळ, घरांतल्या सर्वांच्या भाकऱ्यांपुरतें पीठ उजाडण्यापूर्वीं निघालें पाहिजे. दगडाच्या घरघरींत एक ओवी म्हणते, दुसरी तिच्या सुरांत सूर मिळविते. दाणे सरतात, ओवीही थांबते. पीठ भरून दोघी उठतात आणि दिवस सुरू होतो. या साध्या चित्रांत शोक सोसण्याच्या चार युक्त्या आहेत.

पहिली युक्ति अशी कीं, शोक करणाऱ्या बाईचे हात रिकामे नसत. मन दुःखांत होतें तरी हातांतून पीठ पडत होतें, आणि त्या पिठाच्या भाकरीची वाट पाहणारीं माणसें होतीं. रोमन कवि ओव्हिड यानें सुमारें दोन हजार वर्षांपूर्वीं प्रेमाच्या व्याधीवरील उपाय सांगणारें एक लॅटिन काव्य लिहिलें. रिकामपण टाळावें, शेतीकडे लक्ष द्यावें, प्रवासास जावें, एकांतांत राहूं नये, जुनीं पत्रें पुन्हा वाचीत बसूं नये, असा उपदेश त्यांत आहे. रोमच्या रसिक कवीला आणि मावळांतील निरक्षर बाईला एकच गोष्ट कळली होती. मात्र काम निवडतांना एक पथ्य पाळावें. ज्याचा शेवट डोळ्यांना दिसतो, असें काम घ्यावें. 'मन रमवा' असें मोघम सांगून कोणाचें मन रमत नाहीं. परसांतील वाफा खणणें, आजोबांच्या जुन्या कागदांची यादी करणें, शेजारच्या मुलाला रोज तासभर गणित शिकविणें, यांत दिवस मावळतांना हाताशीं कांहीं तरी जमा होतें.

सुशिक्षितांच्या जगांतील उदाहरण हवें असेल तर तें माधव जूलियनांचें आहे. माधव त्रिंबक पटवर्धन या प्राध्यापकानें या नांवानें कविता लिहिली. विफल प्रेमावरील त्यांचें 'विरहतरंग' हें खंडकाव्य १९२६ सालीं प्रसिद्ध झालें. त्याच्या आदल्याच वर्षीं त्यांचा फारसी-मराठी कोश आला होता, आणि पुढच्या वर्षीं 'छंदोरचना' हा ग्रंथ आला. तो ग्रंथ त्यांनीं वाढवून १९३७ सालीं पुन्हा काढला, आणि १९३८ सालीं मुंबई विद्यापीठानें त्यांना डी. लिट्. ही पदवी दिली. ज्या हातानें विरह लिहिला, त्याच हातानें शब्द वेंचले आणि मात्रा मोजल्या. कोशाचें काम दुःख पुसून टाकीत नाहीं. पण तें माणसाला सकाळीं उठून बसण्यास कारण देतें, आणि पुष्कळदां तेवढेंच पुरेसें असतें.

दुसरी युक्ति मर्यादेची. ओवी दळणाबरोबर सुरू होत असे आणि दळणाबरोबर थांबत असे. दुःखाला रोजची वेळ दिलेली होती, पण सबंध दिवस दिलेला नव्हता. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ जेम्स पेनबेकर आणि सँड्रा बील यांनीं १९८६ सालीं प्रसिद्ध केलेला प्रयोग येथें आठवतो. कॉलेजांतील विद्यार्थ्यांना त्यांनीं सलग चार दिवस, रोज फक्त पंधरा मिनिटें, आपल्या सर्वांत क्लेशदायक अनुभवाविषयीं लिहावयास सांगितलें. ज्यांनीं घटनाही लिहिली आणि भावनाही लिहिली, त्यांचें मन त्या दिवशीं अधिकच जड झालें. परंतु पुढील कांहीं महिन्यांत त्यांना दवाखान्याची पायरी कमी वेळां चढावी लागली. दुःखाला वेळ नेमून द्यावी, ती वेळ प्रामाणिकपणें त्याला द्यावी, आणि वही मिटली कीं उठावें. रात्रीं दोन वाजतां आठवणींनीं दार ठोठावलें तर 'उद्यां संध्याकाळीं सहा वाजतां' असें त्यांना सांगतां आलें पाहिजे. आरंभीं त्या ऐकत नाहींत. पुढें पुढें ऐकूं लागतात.

तिसरी युक्ति सोबतीची. जात्याच्या पलीकडे दुसरी बाई होती. ती सल्ला देत नव्हती. 'मी तुला आधींच सांगितलें होतें' असें म्हणत नव्हती. ती खुंटा ओढीत होती आणि सूर धरीत होती. शोक करणाऱ्याला असें एक माणूस लागतें. त्याला सबंध गांव लागत नाहीं; पण एक माणूस लागतेंच. तो जुना मित्र असेल, मोठी बहीण असेल, मावशी असेल. अट एवढीच कीं, त्यानें ऐकलेली गोष्ट चार ठिकाणीं सांगूं नये, आणि दर आठवड्याला तीच हकीकत ऐकतांना कंटाळा दाखवूं नये.

चौथी युक्ति सर्वांत नाजूक आहे. जात्यावरची बाई पुष्कळदां 'माझ्या नवऱ्यानें मला टाकलें' असें म्हणत नसे. ती सीतेचें गाऱ्हाणें गात असे. स्वतःचें दुःख दुसऱ्या एका स्त्रीच्या ओटींत घालून ती तें दुरून पाहत असे. आणि दुरून पाहिलें म्हणजे त्याचा आकार दिसतो, त्याला कड आहे हें दिसतें. ईथन क्रॉस आणि ओझलेम आयडुक या मानसशास्त्रज्ञांनीं २००५ पासून प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांतही असेंच आढळलें. क्लेशाची घटना पुन्हा स्वतःच्या डोळ्यांनीं जगण्यापेक्षां, ती जणूं दुसऱ्या कोणाची आहे अशा रीतीनें दुरून पाहिली, तर मनाची आग कमी होते आणि समज वाढते. आजच्या तरुणानें आपली हकीकत एकदां 'तो' किंवा 'ती' म्हणून लिहून पाहावी. 'मलाच असें कां' हा प्रश्न तेथें 'त्याचें असें कां झालें असावें' असा होतो, आणि या दुसऱ्या प्रश्नाला निदान उत्तर असूं शकतें.

या चारही युक्त्यांना एक अट आहे. जात्यांत दाणे असले पाहिजेत. रिकामें जातें फिरविलें तर पीठ निघत नाहीं. दगडावर दगड घासतो, टाकी लावून घेतलेली धार मात्र झिजते. मनाचेंही तसेंच होतें. त्यानें तसें कां म्हटलें, त्या दिवशीं भेटलों नसतों तर काय झालें असतें, शेवटच्या पत्रांतील त्या एका शब्दाचा अर्थ काय, हीं दळणें कितीही दळलीं तरी परडींत कांहीं पडत नाहीं. २०१३ सालीं अमेरिकेंत प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासांत जोडीदारापासून नुकतींच वेगळीं झालेलीं ९० माणसें होतीं. त्यांपैकीं जीं आधींच रात्रंदिवस 'असें कां झालें' याचा अर्थ शोधण्यांत गुंतलीं होतीं, त्यांना भावना लिहून काढण्याचा लाभ झाला नाहीं. त्यांच्यांतील ज्यांना दिवसभरांतील साध्या कामांची नोंद लिहावयास दिली होती, तींच अधिक लवकर सांवरलीं. तेव्हां लिहून मन मोकळें होतें कीं तेंच तें पुन्हा उगाळलें जातें, हें प्रत्येकानें आपलें आपण ताडून पाहावें. उगाळलें जात असेल, तर वही बाजूला ठेवून कुदळ हातीं घ्यावी.

आजच्या काळानें या रिकाम्या जात्याला एक नवा खुंटा जोडला आहे, तो म्हणजे खिशांतला फोन. पूर्वीं दुरावलेलें माणूस खरोखर दूर जात असे. आतां तें काय खातें, कोणाबरोबर फिरतें, किती वाजेपर्यंत जागें असतें, हें बोटाच्या टोंकावर दिसतें. इंग्लंडमध्यें टारा मार्शल यांनीं ४६४ जणांची पाहणी करून २०१२ सालीं निष्कर्ष प्रसिद्ध केले. फेसबुकवर जुन्या जोडीदाराकडे वारंवार डोकावणाऱ्यांचें दुःख व ओढ अधिक असून त्यांची मनाची वाढ कमी झालेली दिसली. डोकावल्यामुळें दुःख वाढतें कीं दुःख आहे म्हणून माणूस डोकावतो, हें अशा पाहणीवरून ठरत नाहीं. परंतु तलफेचें सूत्र ध्यानांत घेतलें तर शहाणपणाचा मार्ग स्पष्ट आहे. दारू सोडलेल्यानें गुत्त्यावरून रोजचा रस्ता ठेवूं नये. छायाचित्रें रागानें फाडण्याची गरज नाहीं; तीं एका पेटींत घालून विश्वासाच्या माणसाच्या हवालीं करावींत, आणि कांहीं महिने समाचार घेणें बंद ठेवावें.

ओव्हिडनें एक उपाय असा सांगितला आहे कीं, प्रिय व्यक्तीचे दोष आठवावे. अनेक मित्रही हाच उपदेश करतात. 'ती होतीच तशी', 'त्याच्यांत होतें तरी काय' असें म्हणून ते शोक करणाऱ्याचें सांत्वन करूं पाहतात. अमेरिकेंतील मिझूरी राज्यांत २४ जणांवर झालेल्या आणि २०१८ सालीं प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगांत हा उपायही तपासला गेला. दोष आठवल्यानें प्रेमाची भावना थोडी कमी झाली खरी, पण मनाची खिन्नता मात्र वाढली. लक्ष दुसरीकडे वळविल्यानें प्रेम कमी झालें नाहीं, पण मन हलकें झालें. त्या निष्कर्षापेक्षांही एक मोठी गोष्ट येथें आहे. ज्या माणसावर आपण मनापासून प्रेम केलें, तें केवळ निघून गेलें म्हणून आधींपासूनच नीच होतें असें मानावयाचें, तर आपल्या आयुष्याचीं तीं वर्षेंही आपणच मातींत घालावयाचीं. तीं वर्षें खरीं होतीं. तीं संपलीं, हेंही खरें आहे. या दोन्ही गोष्टी एकाच मनांत शेजारीं शेजारीं ठेवतां येणें, यालाच सांवरणें म्हणतात.

एक गोष्ट येथें निःसंदिग्धपणें सांगितली पाहिजे. नकार मिळालेल्या माणसाला शोकाचा अधिकार आहे, वसुलीचा नाहीं. वाटेंत गांठून जाब विचारणें, शंभर वेळां फोन करणें, मित्रांकरवीं दबाव आणणें, जीव देण्याची धमकी घालणें, जुनीं खाजगी छायाचित्रें चारचौघांत पसरविणें, यांतील कशालाही प्रेमाचें नांव देतां येत नाहीं. स्त्रीची इच्छा नसतां तिचा पाठलाग करणें किंवा तिच्यावर पाळत ठेवणें हा २०१३ सालच्या कायदेदुरुस्तीपासून आपल्याकडे दंडनीय गुन्हा आहे. पण कायदा बाजूला ठेवला तरी, जिचा किंवा ज्याचा 'होकार' एकेकाळीं अमोल वाटला, त्याच माणसाच्या 'नकारा'ची किंमत राखणें ही प्रेमाची शेवटची कसोटी आहे. ती उतरली तर माणूस स्वतःच्या नजरेंत ताठ उभा राहूं शकतो.

आतां घरांतील वडील माणसांविषयीं. पुष्कळ आईबापांना मुलाचें किंवा मुलीचें प्रेम कळतें, तें तें संपल्यावरच. मग राग, अपमान आणि काळजी एकदमच उसळतात. अशा वेळीं तीन वाक्यें ओठांशींच थांबवावींत. 'बरें झालें, सुटलीस' हें पहिलें. कारण तिला सुटल्यासारखें वाटत नसतें. 'आमच्यापासून लपविलेंस, त्याचेंच हें फळ' हें दुसरें. कारण शोक हा न्यायनिवाड्याचा प्रसंग नव्हे. आणि 'आतां लवकर लग्न उरकून टाकूं, म्हणजे विसरेल' हें तिसरें व सर्वांत घातक. एका माणसाचें दुःख विसरण्यासाठीं दुसऱ्या निरपराध माणसाला घरांत आणणें म्हणजे एका घराऐवजीं दोन घरें दुःखांत लोटणें होय. त्यापेक्षां जें सुतकांत शेजारी करतात, तेंच घरच्यांनीं करावें. वेळेवर ताट वाढावें, आणि दोन घास कमी गेले तर बोलूं नये. दाराशीं जाऊन 'चल, बाजारांत जाऊन येऊं' एवढेंच म्हणावें. दुःख ओळखलें आहे, हें कृतीनें कळूं द्यावें. मुलांच्या बाबतींत तर हें अधिकच अगत्याचें आहे; कारण 'पुरुषासारखा पुरुष, रडतो काय' या एका वाक्यानें त्यांच्या शोकाची उरलीसुरली वाटही बुजविली जाते.

तरीही कांहीं वेळां हें दुःख घरगुती उपायांनीं आवरत नाहीं. दोन आठवडे उलटूनही झोप आणि भूक पार गेलेली, नेहमींचें कामच होत नाहीं, कशांतच रस नाहीं, आपण कवडीमोल आहों असें सतत वाटतें, व्यसनाचा आधार घ्यावा लागतो, अशी स्थिति असेल, तर वैद्यकीय सल्ला घ्यावा. आणि जगणें नको, असा शब्द तोंडून निघाला किंवा तशी सूचनाही दिसली, तर एक दिवसही वाट पाहूं नये. त्या माणसाला एकटें सोडूं नये. हा विषय स्पष्ट शब्दांत विचारल्यानें तो विचार डोक्यांत भरतो, ही समजूत चुकीची आहे. विचारल्यानें बहुधा बोलण्यास वाट मिळते. केंद्र शासनानें ऑक्टोबर २०२२ मध्यें सुरू केलेली टेलि-मानस ही विनामूल्य दूरध्वनि-सेवा १४४१६ या क्रमांकावर रात्रंदिवस उपलब्ध आहे. पुण्याच्या सदनिकेंतून असो वा वेल्ह्याच्या वाडींतून, फोन सारखाच लागतो. हाड मोडलें तर कोणी लाजत नाहीं. मन मोडलें तरी लाजण्याचें कारण नाहीं.

हें सगळें केल्यावर दुःख किती दिवसांत संपेल, असा प्रश्न उरतो. नेमका आंकडा कोणालाही देतां येत नाहीं. पण एक दिलासा देतां येतो. अमेरिकेंतील नॉर्थवेस्टर्न विद्यापीठांत झालेल्या आणि २००८ सालीं प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासांत, प्रेमांत असलेल्या विद्यार्थ्यांना आधींच विचारलें होतें कीं, हें नातें तुटलें तर तुम्हांला किती दुःख होईल? पुढें ज्यांचीं नातीं खरोखर तुटलीं, त्यांचें प्रत्यक्ष दुःख त्यांच्या स्वतःच्या अंदाजापेक्षां सरासरीनें कमी निघालें. अधिक प्रेम करणाऱ्यांचा अंदाज अधिक चुकला. 'याच्यावांचून जगणें अशक्य' असें मन ज्या वेळीं सांगतें, त्या वेळीं तें खोटें बोलत नसतें. पण त्याला स्वतःची ताकद ठाऊक नसते.

विसरणें हें मात्र या सगळ्याचें ध्येय नव्हे. भोर तालुक्यांत भाटघर धरणाच्या पाण्याखालीं कांबरेश्वराचें जुनें मंदिर आहे. वर्षाचा बहुतेक काळ तें दिसत नाहीं. उन्हाळ्याच्या अखेरीस पाणी ओसरलें म्हणजे तें उघडें पडतें. लोक दर्शनास जातात. पाऊस सुरू झाला कीं तें पुन्हा पाण्याखालीं जातें. मंदिर नाहींसें झालेलें नाहीं, आणि त्याच्यासाठीं कोणी धरण रितें करीत नाहीं. त्या पाण्यावर खालीं नीरेच्या खोऱ्यांतील शेतें भिजत असतात. तुटलेल्या प्रेमाची आठवणही अशीच कधीं एखाद्या गाण्यानें, कधीं एखाद्या रस्त्यानें वर येईल. ती आली म्हणून आपण सांवरलों नाहीं असें कोणी समजूं नये. दोन घटका तिच्यापाशीं बसावें आणि कामाला लागावें.

ज्या शोकाला समाजानें सुतक दिलें नाहीं, त्याला निदान घरानें तरी ओळख द्यावी. काम, नेमलेली वेळ, एक सोबती आणि थोडें अंतर, एवढ्या शिदोरीवर मावळच्या बायांनीं अशीं कित्येक दुःखें पहांटेच्या काळोखांत दळून काढलीं, आणि उजाडतांना घराला भाकरी घातली.